दोनशे सदतीस

…चार खिडक्या. पहिलीत शून्य, दुसरीत दोन, तिसरीत तीन, चौथीत सात — आणि सातच्या डोक्यावर, काचेच्या आत, चिखलाची एक बारीक रेघ. काढायची तर यंत्र उघडावं लागेल, उघडलं तर आकडे हलतील, म्हणून दोन वर्षं तशीच राहिलेली. हेमचंद्रने ते मोजणीचं यंत्र तळहातावर उलटंसुलटं केलं. वर बटण, बाजूला आकडे शून्यावर आणायची कळ. बटणावर अंगठा ठेवायची सवय इतकी जुनी, की तो आपसूक तिथं गेला आणि हेमचंद्रने तो झटकन उचलला, तापल्या तव्यावरून उचलावा तसा. दोनशे अडतीस झाले असते. चाललं नसतं.

गोदीत चौतीस वर्षं टॅली क्लार्क. म्हणजे दुसऱ्यांनी वाहिलेली पोती आपण मोजायची. चार उभ्या रेघा, पाचवी आडवी. रिटायर झाल्यावर माणसं कीर्तनाला जातात, नातवंडं सांभाळतात, सोसायटीच्या सेक्रेटरीशी भांडतात. हेमचंद्र शिवडीच्या जेट्टीवर जाऊन पक्षी मोजायला लागला, कारण हात थांबेनात. आणि पोत्यांच्या मानाने पक्षी बरे — फाटत नाहीत, सांडत नाहीत, आणि कमी भरले तर कुणी सही मागत नाही. असं त्याला तेव्हा वाटायचं. दर पौर्णिमेला, पूर्ण ओहोटीला, सतरा वर्षं. कच्छातून येणारे रोहित, म्हणजे फ्लेमिंगो, त्यांच्या लांबलचक गुलाबी पायांखालून लुटुलुटु पळणारे तुतवार, चिखल्या — मुठीएवढे जीव, सायबेरियातून निघून, हिमालय ओलांडून, कुठेही न विचारता बरोब्बर शिवडीच्या चिखलात उतरणारे. परळचा माणूस शिवडीला जायचा तर दोनदा रस्ता विचारतो.

फोन वाजला. आकांक्षा. दादरची पोरगी, पक्षी मोजणाऱ्यांच्या गटाचं सगळं तीच बघते.

"काका, उठलात ना? तीनला आहे हां सुनावणी. मी एकला येते घ्यायला. वही काढून ठेवा."

"काढलीय."

"आणि जेवून घ्या. तिथे वडापावसुद्धा देत नाहीत, नुसतं पाणी आणि आश्वासन."

तो हसला. फोन ठेवल्यावर हसू तोंडावर थोडा वेळ तसंच राहिलं, विसरलेल्या छत्रीसारखं.

आज चतुर्थी. खालच्या मजल्यावरून साबुदाणा तळल्याचा वास येत होता. चाराची पाऊणपट तीन. म्हणजे भरती तीनला. हे वडिलांनी शिकवलेलं, वडिलांना त्यांच्या मालवणच्या आजोबांनी — तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ, पंचांगाला विचारायला नको. सुनावणी तीनला आणि भरतीही तीनला. ज्यांच्याविषयी बोलायचं ते त्या वेळी तिथं नसणार. सगळ्या सुनावण्यांची हीच तर पद्धत.

वही उघडायची गरज नव्हती. ते पान त्याला पाठ होतं. माघी पौर्णिमा, दोन वर्षांपूर्वीची. वेळ : सायंकाळी साडेपाच. ओहोटी : पूर्ण. रोहित — शून्य. तुतवार — शून्य. चिखल्या — शून्य. खाली सही, हेमचंद्र पेडणेकर, टपोरी, गोदीतली. त्यानंतर वही कोरी.

खाडीच्या काठाने ट्रकांचा तळ व्हायचा होता, आणि त्याचा अहवाल करणाऱ्यांनी सतरा वर्षांच्या वहीतून नेमकं ते शेवटचं पान उचललं होतं. 'सदर अधिवास पक्ष्यांनी स्वेच्छेने सोडल्याचे दिसून येते. आवश्यकता भासल्यास पर्यायी जागा उपलब्ध करून देण्यात येईल.' हेमचंद्रने 'स्वेच्छेने' हा शब्द दोनदा वाचला होता. त्याच्या चाळीनेही चाळ स्वेच्छेने सोडली होती, आणि अकरा वर्षं ट्रान्झिट कॅम्पात स्वेच्छेने काढली होती. त्याची बायको, लतिका, म्हणायची, तिथे गेलेली म्हातारी माणसं परत येत नाहीत, नुसतं नाव परत येतं, यादीत. पक्ष्यांचं त्याहून सोपं. यादीच नाही.

आणि ते शून्य खोटं नव्हतं. हीच तर गंमत… म्हणजे गंमत नव्हे. मी शून्य पाहिलं, शून्य लिहिलं. चौतीस वर्षं न दिसलेलं पोतं मी कधी लिहिलं नाही. फक्त साडेपाचला नव्हे, सव्वाअकराला. सकाळी. पौर्णिमा — पंधराची पाऊणपट सव्वाअकरा — ऐन भरती, पाणी जेट्टीच्या दगडांना लागलेलं, चिखलाचा टिपूस नाही. अशा वेळी तिथं पक्षी शोधणं म्हणजे बाजार उठल्यावर भाजी आणायला जाणं. ओहोटी साडेपाचला, आणि इस्पितळात भेटायची वेळ चार ते सहा. दोन्ही एका वेळी कसं जमणार. आदल्या संध्याकाळी लतिकाच म्हणाली होती, नाकातली नळी सांभाळत — "अहो, उद्या पौर्णिमा ना? जाऊन या. इथे बसून काय माझे श्वास मोजणार?"

म्हणून सकाळी गेला. पौर्णिमा चुकवायची नाही म्हणून. गोदामाचा वॉचमन रामजी बाकड्यावर विडी ओढत होता, तो पाण्याकडे बघून हसला होता.

"काय वो नानानू, भरतीक इलास? आज मासे मोजतास काय?"

"आलोय तर मोजतो. जे असेल ते."

"मगे ही पाखरां भरतीक जातत खय?"

"असतील कुठेतरी," हेमचंद्र म्हणाला होता. शून्य लिहिलं, वेळेची जागा मोकळी ठेवली, आणि निघाला.

ती मोकळी जागा भरली चौथ्या दिवशी. आकांक्षाचा फोन — काका, आत्ता विचारू नये, सॉरी, पण पौर्णिमेचे आकडे पुढे पाठवायचेत… शून्य, तो म्हणाला. सगळे? सगळे. आणि वेळ? — साडेपाच. तोंडातून तेच आलं. डोक्यात दुसरी वेळच शिल्लक नव्हती. डॉक्टरांनी घड्याळाकडे बघून मोठ्याने तीच सांगितली होती, तीच त्यांनी कागदावर लिहिली होती, त्या दिवसांत कुणी चहाची वेळ विचारली असती तरी त्याने साडेपाचच सांगितलं असतं. नेमकी ओहोटीचीही तीच. म्हणून कुणाला शंका आली नाही. मग त्यानेही ती वहीत मांडली, आणि पुढे 'ओहोटी : पूर्ण' हेही, कारण रकाना रिकामा दिसत होता.

आज उभं राहून म्हणायचं — ही वेळ चुकीची आहे, मी तेव्हा तिथं नव्हतो. मग समोरचा विचारणार : आणि बाकीच्या सतरा वर्षांत, पेडणेकरसाहेब, तुम्ही कुठे होता? एक पोतं खोटं निघालं की अख्खी खेप परत जाते. हे गोदीत मीच पोरांना शिकवायचो.

आकांक्षा पावणेएकला आली. पायातले बूट काढता काढता बोलायलाच लागली, आणि बोलता बोलता थांबली. टेबलावरचं यंत्र तिने उचललं.

"काका, हे दोनशे सदतीस कधीचे?"

तो पाणी आणायला वळला होता. वळलेलाच राहिला.

"शेवटी कधी वापरलंत हे? त्याच पौर्णिमेला ना? नंतर तुम्ही आलाच नाहीत." तिचा आवाज चढत गेला. "काका! म्हणजे तुम्ही मोजलेत! दोनशे सदतीस मोजलेत, आणि वहीत उतरवायचे राहिले. त्या दिवशी तुमचं लक्ष कुठे असणार… जेट्टीवरून आलात आणि रात्री काकू गेल्या. कुणाचंही झालं असतं असं. ओ गॉड, काका, दोन वर्षं हे ड्रॉवरमध्ये पडून होतं?"

रात्री. नेलं रात्री, म्हणून सगळ्यांना वाटतं रात्री. त्याने कधी दुरुस्त केलं नव्हतं.

"तसं नाहीये ते," तो म्हणाला.

"मग कसंय?"

मग कसंय. पाच वाजता पडदा ओढलेला. नर्सने सांगितलं, बसा जवळ. एका हातात लतिकाचा हात, दुसरा खिशात, कारण तो कुठे ठेवायचा ते कळेना. आणि खिशात सकाळचं यंत्र. तिची छाती वर यायची, थांबायची — इतकी थांबायची की आता झालं असं वाटायचं — आणि पुन्हा यायची. अंगठा कधी दाबायला लागला त्याला कळलं नाही. टिक. …टिक. मिनिटाला आठ, मग सात, मग… ती नको म्हणाली होती, आणि तरी मी मोजले. शेवटी डॉक्टर साडेपाच म्हणाले तेव्हा अंगठा पुढच्यासाठी तयार होता, आणि घरी येऊन यंत्र बाहेर काढलं तर चार खिडक्यांत तिचा हिशेब लागलेला, बरोब्बर, एकही न चुकता. आयुष्यातली सगळ्यात अचूक टॅली.

"उशीर होईल," हेमचंद्र म्हणाला. त्याने यंत्र तिच्या हातातून घेतलं आणि खिशात टाकलं. त्याच खिशात.

टॅक्सीत ती फोनवर कुणालातरी सांगत होती — सीमा, ऐक ना, मिळाला आकडा, दोनशे सदतीस, हो, पूर्ण ओहोटीला, काकांकडे यंत्रच आहे. तो खिडकीबाहेर बघत होता. दोनशे सदतीस. दुसऱ्या कुणाच्या तोंडून त्याने हा आकडा कधी ऐकला नव्हता. विचित्र म्हणजे, तो तिच्या तोंडी शोभत होता. दोनशे सदतीस रोहित, म्हणजे फार नव्हे, मोठ्या थव्याचं एक टोक. कुणाला खोटं वाटणार नाही असा, नम्र आकडा. साधं हो म्हटलं की झालं. सगळं जुळतं — तारीख, वेळ, ओहोटी पूर्ण, विसराळू म्हातारा. वही शाबूत, चिखल शाबूत. आणि लतिकाची टॅली… तिची कुणाला गरज होती? निदान कुणाच्या उपयोगी पडेल. असा विचार आपण केला याची त्याला लाज वाटली, आणि टॅक्सी सिग्नलला थांबली तेव्हा त्याने तोच विचार परत केला.

दादरच्या हॉलमध्ये पंखे जोरात होते. लग्नाच्या झालरी अजून काढल्या नव्हत्या. त्यांच्याखाली अधिकारी बसले होते, वधूपक्षासारखे. अहवालवाल्यांकडून हर्षवर्धन नावाचा तरुण उठला. चांगला होता मुलगा. आधी वाकून नमस्कार केला हेमचंद्रला.

"आमचं पक्ष्यांशी काही वैर नाही," तो माइकमध्ये म्हणाला. "आम्ही बाहेरून आकडे आणलेले नाहीत. ही काकांचीच वही आहे, आणि काकांच्या वहीवर आमचा पूर्ण विश्वास आहे."

मागे कुणीतरी हसलं. आकांक्षा त्याच्या कानाशी वाकली. "दोनशे सदतीस. यंत्र दाखवायचं आणि एवढंच बोलायचं, काका. बाकी मी बघते."

भिंतीवरचं घड्याळ तीन वाजून दहा मिनिटं दाखवत होतं. म्हणजे आत्ता पाणी दगडांना लागलेलं. रामजी असेल तर विडी ओढत असेल. मगे ही पाखरां भरतीक जातत खय? … सतरा वर्षांत हा प्रश्न त्याला पडला नव्हता. ओहोटीला यायचं, असतील तेवढे मोजायचे, घरी जायचं. पाणी वर असतं तेव्हा ते सहा तास कुठे उभे असतात — कुठल्या मिठागराच्या बांधावर, कुठल्या टाकून दिलेल्या भरावावर, एका पायावर, एकमेकांना चिकटून, खाणं नाही, बसणं नाही, फक्त पाणी उतरायची वाट बघत — ते कुठल्याच वहीत नाही. वहीत त्या वेळेला शून्य. मी लिहिलेलं. असतील कुठेतरी.

आणि सव्वाअकराला…

त्याचा हात खिशात थांबला. दोन वर्षं त्याने साडेपाच एवढी एकच वेळ जपली होती, घासूनपुसून. सव्वाअकराला ती कुठे होती? त्याच कॉटवर, अर्थात. भेटायची वेळ चारची असली तरी नर्सने सोडलं असतं. शेवटच्या दिवसांत सोडतात, हे तेव्हाही माहीत होतं. मी दगडावर उभा राहून पाणी मोजत होतो आणि ती तिथं, नळी सांभाळत, दाराकडे… की भिंतीकडे? जाऊन या म्हणाली होती. लवकर या असंही म्हणाली असेल. सव्वाअकरा ते चार — त्या वेळातले श्वास किती होते? हजारो असतील. ते कुणी मोजले? दोनशे सदतीस म्हणजे तर नुसतं शेपूट.

"श्रीयुत हेमचंद्र पेडणेकर," माइकमधून पुकारा झाला.

आकांक्षाने कोपराला हात लावला. समोर हर्षवर्धनने आदराने माइकची उंची कमी करून ठेवली. हेमचंद्र उठला, गुडघे वाजले. मगाचची भीती शोधली तर ती सापडेना — सतरा वर्षं, वही, खेप परत, सगळं कुठेतरी दूर, भरतीच्या पलीकडे गेलेलं. तिच्या जागी फक्त एक घाई होती, आणि ती इथली नव्हती. कुणीतरी कुठेतरी ताटकळत उभं आहे आणि आपल्याला उशीर झाला आहे अशी. अंगठा बटणावर होता. या वेळी त्याने तो उचलला नाही. दाबलाही नाही. तोंडात आता साडेपाच नव्हतं, सव्वाअकरा होतं.

"बोला, काका," कुणीतरी म्हणालं.

त्याने घड्याळाकडे पाहिलं. पाणी आता उतरायला लागलं असेल.