शिवतेज ट्रेडिंग कंपनी

मलकापूरची मंडळी घर बघायला येऊन सोप्यात टेकली होती आणि लालासाहेबांचा पाय काही एका जागी ठरत नव्हता. चहा झाला का बघून ये, फाटकाशी जाऊन ये, नुसतं आत-बाहेर. त्यांच्या मुलानं, शिवतेजनं, बत्तिशी गाठली होती तरी लग्न जमत नव्हतं. पलूस तालुक्यात घरची बागायत असून काय उपयोग, मुलगा शेती करतो म्हटलं की पलीकडचा फोन ठेवत होता. म्हणून गेल्या वर्षी लालासाहेबांनी डोकं चालवलं. धान्याच्या खोलीवर 'शिवतेज ट्रेडिंग कंपनी' अशी मोठी पाटी ठोकली आणि किरकोळ धान्य दुकान म्हणून शिवतेजच्या नावानं रीतसर नोंदणीही करून टाकली. मूठभर डाळ कधी कुणाला विकली नाही, पण स्थळं यायला लागली.

खोलीत होता हरभरा, घरच्याच रानातला. ऊस मोडून शिवतेजनं केलेला आणि दिवाळीला भाव चढेल म्हणून राखलेला. गेल्याच महिन्यात सरकारनं तूर-हरभऱ्याच्या साठ्यावर मर्यादा घातली, पण ती व्यापाऱ्यांना, शेतकऱ्याला नाही. त्यामुळं लालासाहेब निर्धास्त होते. आपण सरकारी दप्तरी कोण आहोत, हे ते साफ विसरले होते.

मुलीचे वडील नानासो सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले. ते धंद्याची बारीक चौकशी करत होते आणि लालासाहेब तोंडाला येईल ते ठोकून देत होते. तेवढ्यात तहसीलची जीप फाटकात येऊन थांबली. पुरवठा निरीक्षक बाई उतरल्या.

"कंपनी कुणाची?"

"आमचीच की," लालासाहेब छाती काढून म्हणाले, कारण नानासो बघत होते.

बाईंनी खोली उघडायला लावली. पोत्यांची थप्पी छताला टेकलेली. "किरकोळ दुकानदाराला पाच टनांची मर्यादा आहे," त्या म्हणाल्या. "तुमचा माल जास्त आहे आणि पोर्टलवर दाखवलेलाही नाही. जप्त करावा लागेल."

लालासाहेबांच्या तोंडचं पाणी पळालं. बाईंना गोठ्याकडं नेऊन ते हळूच म्हणाले, "आवं बाईसाहेब, घरचाच माल हाय. आमी शेतकरीच."

"मग तसा जबाब द्या," बाईंचा आवाज काही खाली आला नाही. "स्वतःच्या रानातला असेल तर मर्यादा लागत नाही. सातबाऱ्यावर पीक बघते आणि जाते. पण दुकान नाही असं लिहून द्यावं लागेल, नोंदणी रद्द होईल. दोन्हीकडून चालणार नाही. काय लिहू?"

सोप्यातल्या माना इकडं वळल्या. शिवतेजची आई बनुबाई चहाचा ट्रे घेऊन उंबऱ्यातच उभ्या राहिल्या. लालासाहेबांनी एकदा पोत्यांकडं बघितलं, एकदा नानासोंकडं. हरभरा काय, पुढच्या वर्षी पुन्हा येईल. सून कुठनं येणार?

"व्यापारी लिवा," ते म्हणाले.

"न्हाई."

शिवतेज नवा शर्ट घालून सोप्यात मान खाली घालून बसला होता, तो उठून अंगणात आला. "थंडीत रात-रात पाणी पाजलंय मी ह्याला. मळणीच्या वक्ताला अवकाळी आला तवा ताडपत्रीवर आडवा पडलोय. शेतकरी लिवा, मॅडम."

"गप रं," लालासाहेब पुटपुटले. बाईंनी लिहून घेतलं, सातबारा बघितला, शिवतेजची सही घेतली आणि जीप गेली.

नानासो भला माणूस. बनुबाईंनी दिलेला चहा त्यांनी पूर्ण घेतला, घराचं कौतुक केलं, सगळ्यांना नमस्कार केला आणि जाताना म्हणाले, "कळवतो." या शब्दाचा अर्थ लालासाहेबांना कुणी समजावून सांगायला नको होता. हा शब्द त्यांनी आजवर पुष्कळदा ऐकला होता.

गाडी वळणाआड गेली तसे ते पोरावर धावून आले. "काय केलंस रं हे? हरभऱ्यापायी चांगलं स्थळ घालवलंस."

शिवतेज खोलीला कुलूप लावत होता. त्यानं वळूनही बघितलं नाही.

"स्थळ व्यापाऱ्याला आलतं, आण्णा. मला कुटं आलतं?"