बायडाक्कानं फावडं उचललं

वाघोलीला चहूअंगांनी बिल्डिंगी उठल्या, पण आमच्या आळीत अजून गोठे हायेत. शेजारच्या गोठ्यात बायडाक्का राबती. साठी उलटली, पण समज पाचेक वर्षांच्या पोरीएवढी. शेण काढावं, वैरण टाकावी, म्हशीच्या कानात कायबाय सांगून हसावं, असा तिचा दिस जातो. धाकटा भाऊ रंगनाथ तिनंच कडेवर वागवलेला. त्योच पिऊन आला की बायकोला, शर्मिलाला, दाव्यानं झोडपायचा. तवा बायडाक्का गव्हाणीआड बसून कान दाबून धरायची. आळी दारं लावून घ्यायची.

त्या सकाळी शर्मिला धार काढत असताना म्हशीनं लाथ मारली नि दुधाची बादली कलंडली. रंगनाथची रातची उतरली नव्हती.

"ध्यान कुठं व्हतं गं तुझं?" म्हणत त्यानं शर्मिलाचा अंबाडा धरला, फरफटत हौदाकडं नेली नि डोकं पाण्यात दाबलं. वर काढलं, परत दाबलं. ती चिखलात पाय झाडाय लागली.

बायडाक्का शेणाजवळनं उठली. "रंग्या, सोड. ती बुडतीया."

"गप ए येडे!"

"सोड म्हनते न्हवं!"

त्यानं वळून तिच्या थोबाडीत हाणली. ओठ फुटला. बायडाक्कानं ओठाचं रगत बोटावर घेऊन पाहिलं, नि शेणातलं फावडं उचललं. पहिला घाव मनगटाच्या वर बसला, हाड कडाडलं. दुसरा पाठीत. तो गुडघ्यावर आला तरी ती हाणतच होती. शर्मिलानं पाणी ओकत तिला मिठी घातली.

"अक्का, बास! मरंल त्यो!"

तशी ती थांबली. भावाचा लोंबता हात बघून तिनं भोकाड पसरलं. "माझ्या रंग्याला लागलं गं," म्हणत त्याच्यावर फुंकर घालाय लागली.

आळी गोळा झाली. रंगनाथ विव्हळत ओरडला, "हिला येड्यांच्या इस्पितळात टाका!"

शर्मिलाच्या केसांतनं पाणी गळत होतं. चारचौघांत ती पहिल्यांदाच बोलली, "अक्का कुठंबी जायाची न्हाय. चौकीत जायाचंय? चला, मीबी येते. माझी पाठ दावते सायबाला."

तो गेला न्हाय.

आता त्याचा हात प्लास्टरात हाय. बायडाक्का दूध-भाकरी कुस्करून भरवते, तोंड पुसते. तो मुकाट गिळतो. परवा दुपारी मी ताक मागाय गेले, तर बायडाक्का भिंतीला टेकून डुलकी घेत होती. शर्मिलानं मला खणखणीत आवाजात हाक मारली.

रंगनाथ खाटेवरनं कुजबुजला, "हळू बोल की."

"का?"

"अक्का उठंल."