टोप्या सहा, माणसं पाच

सकाळ. शहरातून प्रस्थान. हसऱ्या चेहऱ्यांची एकमेकांशी ओळख.

असं पत्रकात छापलं होतं. चेहरे सहा होते आणि त्यातले चार खरोखरच हसरे होते. दोन नवविवाहितांचे; ते एकमेकांकडे बघून हसत होते. दोन साडूंचे, ते बायकांना घरी ठेवून आल्यामुळे हसत होते. उरलेले दोन काका-काकूंचे. काकू अगदी पुढे बसल्या, काका अगदी मागे. मधल्या जागेत अबोला पाय पसरून बसला होता.

अबोल्याला तिसरा आठवडा लागला होता.

झालं होतं असं. काका-काकूंचं चष्म्याचं दुकान. काका डोळे तपासायचे, काचा घासायचे. काकू फ्रेम बसवायच्या. काडी कानामागे कुठे टोचते, नाकावर कुठे वळ उठतो, हे त्यांच्या बोटांना न सांगता कळायचं. अशाच एका गिऱ्हाइकाच्या कानामागे त्यांची बोटं असताना आतल्या खोलीतून काकांचा आवाज आला. फोनवर मुलगा होता. "हो हो, येतो आम्ही तुझ्याकडे राहायला. दुकान काय, देऊन टाकू."

त्या 'आम्ही'मध्ये आपल्याला कुणी आणि कधी नेऊन बसवलं, हे काकूंना काही आठवेना. त्यांनी काडी वाकवली, गिऱ्हाइकासमोर आरसा धरला, "छान दिसतोय" म्हणाल्या आणि त्यानंतर घरात तोंड उघडलं ते फक्त जेवायला.

काकांनी दोन दिवस खाकरून पाहिलं. तिसऱ्या दिवशी तेही रुसले. सुनेला वाटलं, जरा हवापालट झाला की दोघं ताळ्यावर येतील, म्हणून तिने परस्पर ही सहल ठरवून टाकली. द्राक्षमळे, वाइनची तळघरं, डोंगरमाथ्यावरची गावं, मोजकी माणसं, एक दिवस. आणि मुलगा म्हणाला, "संध्याकाळी फोन करतो बाबांना. काय ते नक्की सांगा, म्हणजे मी पुढचं बघतो."

म्हणजे संध्याकाळच्या आत काकूंना दुकान वाचवायचं होतं, आणि तेही नवऱ्याशी एक शब्द न बोलता. "मला विचारलंत का?" एवढंच त्यांना म्हणायचं होतं. पण तेवढं म्हणायलासुद्धा आधी बोलावं लागलं असतं.

(हे पत्रकात नव्हतं.) टोपीवाटप.

गाडी चालवणारी आणि माहिती सांगणारी बाई एकच होती. तिच्या हातात कायम एक पिवळी छत्री असे, म्हणून मोठ्या साडूने पहिल्याच वळणावर तिचं नाव छत्रीवाली ठेवलं. छत्रीवालीने सगळ्यांना कंपनीच्या हिरव्या टोप्या वाटल्या.

"गाडीतही काढायच्या नाहीत," ती म्हणाली. "मी आरशात टोप्या मोजते. माणसं वाकतात, झोपतात, एकमेकांच्या खांद्यावर पडतात. टोपी सीटच्या वर दिसते. सहा टोप्या दिसल्या की मी निघते."

"मला घट्ट होतेय," मागून काका म्हणाले.

"ताई, त्यांना सांगा," काकू समोरच्या काचेकडे बघत म्हणाल्या, "केस कापून घेतले असते तर झाली नसती."

छत्रीवालीने आरशात बघितलं, मग काकूंकडे. "तुमची ओळख आहे का?"

"तोंडओळख," काकू म्हणाल्या.

तळघर. पिंपांच्या सान्निध्यात वाइनचा आस्वाद.

तळघरात गार होतं. भिंतीला लागून पिंपं झोपली होती आणि ती जागी होऊ नयेत अशा आवाजात तिथला माणूस बोलत होता. पेला फिरवा. वास घ्या. घोट तोंडात घोळवा. मग या भांड्यात थुंका.

"थुंकायचं?" धाकटा साडू म्हणाला. "एवढ्या लांब येऊन?"

"चव कळली की काम झालं."

"मला उशिरा कळते," मोठा साडू म्हणाला आणि त्याने पेला पुढे केला.

काकूंनी छत्रीवालीच्या बाहीला हात लावला. "ताई, त्यांना सांगा, सकाळी रक्तदाबाची गोळी घेतलीय. दोन घोटांच्या वर नको."

छत्रीवाली चार पावलं चालून गेली आणि परत आली. "ते म्हणतात, मी थुंकतोय, दिसत नाही का."

"त्यांना सांगा, मी बघत नाहीये."

छत्रीवाली पुन्हा गेली. परत आली तेव्हा तिने एक पेला स्वतःसाठीच उचलला होता, मग गाडी चालवायचीय हे आठवून खाली ठेवला.

"आता सांगा, कसला वास येतोय?" तळघरवाल्याने विचारलं. कुणी चामडं म्हणालं, कुणी सुकी फळं. नवऱ्यामुलाने नवरीच्या केसांचा वास घेऊन काहीतरी सांगितलं. काका म्हणाले, "चष्म्याच्या जुन्या घरांचा. कपाटात खूप दिवस पडून राहिलेल्या."

काकूंच्या अंगाचा तिळपापड झाला. कारण त्यांनाही नेमका तोच वास आला होता.

जेवण.

झालं.

पहिलं गाव. दगडी पायऱ्या. निवांत भटकंती.

दुसरं गाव. दगडी पायऱ्या. निवांत भटकंती.

पत्रक लिहिणाऱ्याला दोन गावांत फरक सापडला नव्हता आणि त्याचा दोष काढण्यात अर्थ नव्हता. दोन्ही गावं डोंगराच्या टोकावर. दोन्हीकडे गाडी खालीच थांबायची. दोन्हीकडे दगडी पायऱ्या, दगडी घरं, दगडी चौक, चौकात बाक, बाकावर म्हातारी माणसं आणि बाकाखाली मांजर. मधे पसरलेले द्राक्षमळे विंचरलेल्या केसांसारखे.

काकू दोन्हीकडे एकट्या फिरल्या. फिरल्या म्हणजे काय, काकांकडे न बघण्याचं काम त्यांनी निष्ठेने पार पाडलं. काका डावीकडे असतील तर त्या उजवीकडचा दरवाजा न्याहाळायच्या. काका पुढे असतील तर त्या मागे वळून डोंगर बघायच्या. अर्ध्या तासाने त्यांची मान अवघडली.

दोन्ही वेळा छत्रीवालीने आरशात बघून सहा टोप्या मोजल्या. दोन्ही वेळा सहा भरल्या.

शेवटचा मळा. मावळत्या उन्हात निरोपाचा पेला.

मळ्यात टेबल मांडलं होतं. त्यावर सहा पेले. साडूंनी दोन उचलले, नवविवाहितांनी दोन, काकूंनी एक. एक उरला.

"तो मी संपवतो," मोठा साडू म्हणाला.

"थांबा," छत्रीवाली म्हणाली. "काका कुठायत?"

सगळे गाडीकडे धावले. मागच्या सीटच्या पाठीवर, उशी असते तिथे, एक हिरवी टोपी ऐटीत बसली होती. टोपीखाली कुणी नव्हतं.

"घट्ट होत होती ना त्यांना," धाकटा साडू म्हणाला. "काढून अडकवून ठेवली असेल."

छत्रीवाली पायरीवर मटकन बसली. "मी एका टोपीला दुपारपासून घाटातून फिरवलं. मघाशी तिला विचारलंसुद्धा, गारठा लागतोय का म्हणून."

"कुठल्या गावात राहिले?" नवरी म्हणाली. "दुसऱ्या गावात होते का आपल्याबरोबर?"

साडूंना दुसरं गाव होतं हेच आठवत नव्हतं. नवविवाहितांनी दिवसभरात एकमेकांखेरीज काहीच पाहिलं नव्हतं. सगळे काकूंकडे वळले.

"मला काय माहीत?" काकू म्हणाल्या. "मी बघतच नव्हते."

आणि मग, पेल्यातलं सगळं एका घोटात संपवून, "माझा नवरा आहे तो," म्हणाल्या.

(इथे पत्रक संपलं. पुढचं कंपनीच्या हिशेबात नव्हतं.)

काकूंनी फोन लावला. काकांनी उचलला.

काकू: (काही नाही.)

काका: (काही नाही.)

काकू: (श्वास.)

काका: (खुर्ची सरकल्याचा आवाज. कबुतर. कुणाचा तरी खोकला, पण काकांचा नाही. काकांचा खोकला काकूंना झोपेतही ओळखता आला असता.)

"अहो काकू, बोला ना!" छत्रीवाली रडकुंडीला आली होती.

"आधी त्यांनी."

"आत्ता ही वेळ आहे का?"

"तीन आठवडे वेळ नव्हती, आत्ताच कुठून आली?"

छत्रीवालीने फोन हिसकावला आणि आवाज सगळ्यांना ऐकू येईल असा केला. "काका! मी छत्रीवाली! कुठे आहात?"

"डोंगरावर," काका शांतपणे म्हणाले. "गावात."

"कुठल्या?"

"दगडी आहे."

"दोन्ही दगडी आहेत हो! मांजर दिसतंय का?"

"दिसतंय."

"आजूबाजूला लोक असतील ना? कुणाला तरी गावाचं नाव विचारा!"

"त्यांनी सांगितलं मघाशी. पण मला त्यातलं निम्मंच उच्चारता आलं, आणि ते निम्मं दोन्ही गावांत सारखं आहे."

"बरं, समोर काय दिसतं तुमच्या?"

"समोर एक बाई आहेत. उजवा डोळा बराच कमजोर आहे त्यांचा. चुकीचा नंबर दिलाय कुणीतरी."

छत्रीवालीने कपाळाला छत्री लावली. "मी दोन्ही गावं पालथी घालू का? अंधार पडेल!"

पलीकडे पुन्हा कबुतर. मग काका म्हणाले, "त्यांना विचारा. चप्पल काढून, पाय चोळत, ज्या बाकावर त्या बसल्या होत्या, त्याच बाकावर मी आहे."

"पहिलं गाव," काकू म्हणाल्या. "अंगठा दुखत होता माझा." आणि गाडीकडे चालता चालता स्वतःशीच, "म्हणजे हे बघत होते तर."

पेले आणि बाटल्या टेबलावर तशाच राहिल्या. म्हणजे, पेले राहिले. बाटल्यांचं साडूंना विचारावं.

पहिलं गाव, पुन्हा एकदा. दगडी पायऱ्या, आता धावत.

चौकात रांग लागली होती.

बाकावर काका बसले होते, मांडीवर रुमाल पसरलेला, रुमालावर स्क्रू, काड्या आणि कुणाची तरी सुटलेली काच. समोर गावातली म्हातारी माणसं चष्मे हातात धरून उभी होती. काकांच्या खिशात छोटा पेचकस नेहमीच असायचा. दुपारी शेजारी बसलेल्या आजोबांच्या चष्म्याची काडी लटकताना दिसली, ती त्यांनी सहज घट्ट करून दिली. आजोबांनी ते शेजारच्याला सांगितलं. एवढंच झालं होतं. मग गाडी गेली, ऊन उतरलं, आणि काकांना त्यातलं काही कळलं नाही.

'आणि म्हणे दुकान देऊन टाकू,' काकू मनात म्हणाल्या.

त्यांना मोठ्याने म्हणायचं होतं. पुष्कळ म्हणायचं होतं. येताना गाडीत त्यांनी तीन आठवड्यांचं सगळं ओळीने जुळवूनही ठेवलं होतं. पण त्याच वेळी काकांनी त्या कमजोर डोळ्याच्या बाईंच्या नाकावर चष्मा ठेवला आणि तो डावीकडे कलला.

बाईंचा डावा कान वर होता. हे काकूंना चौकाच्या कोपऱ्यावरून दिसलं. काकांना हातभर अंतरावरून दिसलं नाही. त्यांना फक्त डोळे दिसायचे. काकांनी काडी वाकवायला घेतली. उलट्या बाजूला.

काकूंना हे बघवेना. त्या तरातरा गेल्या, काकांच्या हातातून चष्मा काढून घेतला, हाताने त्यांना बाकावर सरकवलं आणि शेजारी बसल्या.

"कपभर गरम पाणी आणा कुणीतरी," त्या रांगेला म्हणाल्या. "काडी अशी गार वाकवली तर तुटते. एवढं तरी कळायला हवं माणसाला."

हे माणसाला उद्देशून होतं की माणसांना, हे ठरवणं अवघड होतं. पाणी आलं. काडी पाण्यात गेली, बाहेर आली, काकूंच्या अंगठ्यावर वळली. काकांनी न मागता स्क्रू पुढे केला. काकूंनी न बघता घेतला. तसं पाहिलं तर दुकानातही ते कधी फार बोलत नसत.

दुसरा चष्मा. तिसरा. छत्रीवाली पायरीवर बसून टोपीने वारा घेत होती. साडूंनीही आपले चष्मे काढून रांगेत नंबर लावला होता. तेवढ्यात कमजोर डोळ्याच्या बाई पुन्हा पुढे आल्या; चष्मा अजून जरा कलत होता.

मग काकांचा फोन वाजला.

काकांनी नाव बघितलं. काकूंनीही बघितलं. मुलगा. काकूंच्या ओठांत त्या वेळी दोन स्क्रू होते, आणि बाईंचा डावा कान त्यांच्या चिमटीत होता.

"हां, बोल," काका म्हणाले. "हो, मजा आली... नाही रे. ते नाही सांगता येत अजून... कारण तुझ्या आईला विचारायचं राहिलं." पलीकडून बराच वेळ आवाज येत राहिला. "हो, तीन आठवडे. राहिलं. थांब."

त्यांनी फोन छातीशी धरला आणि काकूंकडे वळले. तीन आठवड्यांत पहिल्यांदाच, मधे कुणालाही न घालता.

"अगं," ते म्हणाले, "जायचं का आपण?"

छत्रीवालीची टोपी हवेत थांबली. मोठ्या साडूने ऐकू यावं म्हणून तोंड उघडं ठेवलं.

काकूंनी ओठांतला एक स्क्रू काढला. तो बसवला. पेचकस फिरवला. दुसरा काढला, बसवला, फिरवला. चष्मा हलवून बघितला.

"नाही," त्या म्हणाल्या.

"नाही म्हणतेय," काका फोनवर म्हणाले. "...मी? अरे, मी हो म्हटलं होतं ते तिचे पाय दुखतात म्हणून. दिवसभर उभी असते... हो, तेही तिला सांगायचं राहिलंच."

"मग एक उंच स्टूल आणा की दुकानात!" काकू कडाडल्या. "पायांसाठी कुणी दुकान विकतं का? आणि माझे पाय दुखतात हे मला सोडून सगळ्या गावाला सांगताय!"

"तू बोलत नव्हतीस!"

"तुम्ही विचारत नव्हतात!"

"बाबा? हॅलो? बाबा?" फोनमधून मुलगा म्हणत होता, पण तीन आठवड्यांचं सगळं आता चौकात एकदम ओतायला लागलं होतं, आणि कोण काय म्हणतंय हे नीट ऐकू यावं म्हणून चष्मेवाल्या बाई कधी काकांकडे वळत होत्या, कधी काकूंकडे.

"ओ ताई," काकू त्यांना म्हणाल्या, "मान सरळ ठेवा. पुन्हा वाकडा बसेल."