अंगठ्यावर टिकलेलं नेट

तात्यांनी नको तिथे हात घातला होता. लेकीच्या जुन्या लॅपटॉपवर 'नवी आवृत्ती बसवा' अशी भुणभुण रोज यायची. आज सकाळी चहा पिता पिता, लेकीवर उपकार म्हणून, त्यांनी ती एकदाची मिटवली. नवी आवृत्ती बसली आणि वाय-फाय गेलं. अकराला लेकीची ऑनलाइन मुलाखत. दूरच्या शहरातली नोकरी, दोन वर्षं वाट पाहिलेली. आणि आता वाजले होते सव्वादहा.

"तुम्हाला कुणी सांगितलं होतं, तात्या?"

"म्हटलं, नवं ते चांगलं."

वाय-फायचा अडॅप्टर बोटाएवढा, म्हातारा. नवी सिस्टिम त्याला ओळखच देईना. तो चालवणारं सॉफ्टवेअर, म्हणजे ड्रायव्हर, उतरवायला नेट हवं, नेट यायला ड्रायव्हर हवा! मोबाइलची रेंज जेमतेम, तरी लेकीनं खिडकीतून हात बाहेर काढून मागच्या आवृत्तीचा ड्रायव्हर फोनवर उतरवला. तोवर तात्यांना कुठलं चैन? अडॅप्टर उपटायचा, फुंकर मारायची, खुपसायचा. वीसेक वेळा.

"हात लावू नका म्हटलं ना!"

अकराला पाच कमी असताना ड्रायव्हर बसला, नेट आलं आणि लगेच गेलं. उपटाउपटीनं खाच ढिली झाली होती. तात्यांनी अडॅप्टर अंगठ्यानं दाबला, तसं परत आलं.

"आता असेच बसा," लेक म्हणाली.

मग काय, कॅमेऱ्यात दिसू नये म्हणून तात्या टेबलाला खेटून उकिडवे बसले. गुडघे बोंबलत होते. लेक तिची ड्रॉइंग्ज दाखवत होती, आणि झकास दाखवत होती.

"घरी कोण असतं?" पडद्यावरच्या बाईंनी विचारलं.

"फक्त वडील. पण माझ्यावाचून त्यांचं काही अडत नाही."

तात्यांना ते फार लागलं. अडत नाही? ती कामावरून येईपर्यंत त्यांच्या घशाखाली घास उतरत नव्हता. पण हे कधी बोलून दाखवलं नाही, ही चूकही त्यांचीच. अंगठा केव्हा सैल पडला, त्यांनाही कळलं नाही. पडद्यावर बाईंचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं.

लेकीनं खाली पाहिलं. ती ओरडली नाही, नुसती त्यांच्याकडे पाहत राहिली.

तात्यांनी मान खाली घातली आणि अडॅप्टर पुन्हा दाबला.

"मध्ये आवाज गेला होता," बाई म्हणाल्या. "रुजू कधी होऊ शकाल?"



"पहिल्या तारखेपासून."

पहिली तारीख आठ दिवसांवर होती. तात्यांनी अंगठा हलू दिला नाही.