माफीचे बोल

आमच्याकडे कुणीही गोष्ट सांगायला बसला की आधी माफीचे बोल म्हणतो. मग तो लग्नात रबाब घेऊन गाणारा असो, नाहीतर तळ्यावर कपडे आपटणारी बाई असो. अर्थ एवढाच, की हे मी लोकांकडून ऐकलं, खोटं निघालं तर ते लोकांचं, माझ्या माथी मारू नका. एकदा हे म्हणून झालं, की त्याने तुमच्या सख्ख्या आजोबांचे वाभाडे काढले तरी तुम्ही मान डोलवत ऐकायचं. राग यायचाच असेल तर घरी जाऊन यायचा. आणि जो हे बोल म्हणत नाही तो गोष्ट सांगत नाही, साक्ष देतो. बोट रोखतो. आमच्या गावातलं शेंबडं पोरसुद्धा हा फरक जाणतं.

आमच्याच गावचा बुरहान, जो खाली पाडांग शहरात मास्तर होता, त्याला तो कळत नव्हता, असं नाही. त्याने आपल्या कादंबरीच्या पहिल्याच पानावर माफीचे बोल घातले होते, चांगले सजवून. पण पाडांगच्या ज्या छापखान्यात त्याने बाड नेलं, तिथल्या डच साहेबाला ते बघून हसू आलं. "मास्तर, तुम्ही आता लेखक झालात. लेखक असा हात जोडून दारात उभा राहतो काय?" असं म्हणून त्याने त्या पानावर सरळ लाल पेन्सिल ओढली. बुरहानच्या ओठांवर आलं होतं, की साहेब, तुम्हाला आमच्या गावचं ठाऊक नाही. पण आपलं नाव छापून येणार, तेही गोऱ्यांच्या अक्षरांत, या आनंदात तो गडी फक्त मान हलवून घरी आला. शिकलेल्या माणसाला नाही म्हणायला कोण शिकवतं?

पुस्तक डोंगर चढून मानिंजाउ तळ्याकाठी आमच्या गावात आलं आणि कारीच्या कॉफीच्या टपरीवर पोचलं. कारी पूर्वी टपालखात्यात होता, त्याला ती अक्षरं फडाफडा वाचता यायची. दुपारची वेळ, माणसं करवंट्यांतून कॉफीच्या पाल्याचा काढा पीत बसलेली. दाणे सरकारजमा व्हायचे त्या काळापासून आम्हाला पाल्याचीच चव लागलीय, ती काही सुटत नाही. कारीने चष्मा लावला आणि पहिल्या ओळीपासून धडाधड वाचायला सुरुवात केली.

"अरे थांब, थांब," एक म्हातारा म्हणाला. "पान सुटलं वाटतं तुझं. माफी कुठाय?"

कारीने पानं पुढेमागे केली, पुस्तक उलटं धरून झटकलंसुद्धा. "नाहीय बुवा."

"नाहीय म्हणजे?"

"म्हणजे नाहीय. मी काय खिशात घातली?"

एकदोघे पुढे सरकून बसले. मग कारी वाचत गेला. तळ्याकाठचं गाव, तिथली एक तरुण बाई. मामाने तिचं लग्न एका मोठ्या मानकऱ्याशी लावून दिलं. तिने चारचौघांत त्याच्याकडे काडीमोड मागितला, म्हणून त्याचा मान दुखावला. मग तो ना तिच्याकडे यायचा, ना तिला मोकळं करायचा. वर्षानुवर्षं टांगून ठेवली. शेवटी एका सकाळी तिने ओढणीची घडी केली, काठावरच्या दगडावर ठेवली आणि ती पाण्यात चालत गेली.

नाव वेगळं होतं. पण नाव कोण बघतो? ती बाई म्हणजे माइनूर, बुरहानची थोरली बहीण. आणि तो मानकरी म्हणजे कुळाचा मुखिया दातुक राजो मुदो, जो त्या वेळी टपरीत खांबाला टेकून, आपल्या नेहमीच्या जागी बसला होता. दातुक उठला, अर्धी करवंटी तशीच ठेवली आणि कोणाकडे न बघता निघून गेला.

आता तुम्ही म्हणाल, जुनी गोष्ट, बाई गेली त्याला वीस वर्षं झाली, कोणाचं काय बिघडलं? बिघडलं रकियाचं. रकिया म्हणजे बुरहान आणि माइनूर यांच्या मधली. घर तिचं, शेत तिचं, आमच्यात घर बाईकडेच असतं, नवरा तिच्याकडे येऊन राहतो. पण पोटची मुलगी एकच, युसना. मुलीला मुलगी झाली नाही तर घराला कुलूप. त्या युसनाचं लग्न ठरलं होतं हारुनशी. आणि हारुन हा दातुकाच्या बहिणीचा मुलगा. आमच्यात बापाचं काही चालत नाही, मामा म्हणेल ती पूर्व दिशा. त्यातून पोरं एकमेकांना आवडलेली, तारीख धरलेली, बांबूत भरून भाजायला चिकट तांदूळही आणून ठेवलेला.

शेजारणीने येऊन सगळं सांगितलं तेव्हा रकिया सुपात तांदूळ पाखडत होती. शेजारीण ओढणीच्या घडीपर्यंत आली तेव्हा रकियाच्या हातातलं सूप तिरकं झालं आणि तांदूळ अंगणभर झाले. कारण ती घडी गावात कोणालाच माहीत नव्हती. ती फक्त रकियाने पाहिली होती.

त्या सकाळी बहिणीला शोधत पहिली तीच गेली होती तळ्यावर. दगडावर ओढणी, बाजूला वहाणा जोडून ठेवलेल्या. आणि पाण्यात, फार आत नाही, माइनूर, पालथी, केव्हाच गार झालेली. रकियाने हाका मारल्या नाहीत. धावत घरी आली, धुण्याची पाटी उचलली आणि परत जाऊन कपडे पाण्यात फेकून दिले, ओढणीसुद्धा. मग ओरडली. जीव दिलेल्या बाईसाठी आमचा इमाम शेवटच्या नमाजाला उभा राहणार नाही, हे तिला कळत होतं. माइनूर कपडे धुताना घसरली, असं तिने सांगितलं आणि सगळ्यांनी ते धरलं. दातुकाने तर दोन्ही हातांनी धरलं. बहीण नमाज होऊन मातीत गेली, हेच रकियाला पुष्कळ होतं. पुढे कधीतरी रडता रडता तिने बुरहानला खरं सांगितलं होतं. धाकटा भाऊ, त्याला नाही सांगायचं तर कोणाला?

आणि या शहाण्याने ते छापलं.

दुसऱ्याच दिवशी दातुकाचा निरोप आला. बुरहानने यावं, रकियाच्याच घरी चार मानकऱ्यांसमोर बसावं आणि गोष्ट खोटी आहे असं तोंडाने म्हणावं. नाहीतर लग्न विसरा. आणि दातुकाने एकदा मोडलेली सोयरीक गावात दुसरा कोण जोडणार होता?

बुरहान पाडांगहून आला तो पांढरा कोट घालून. पायरीवरच रकियाने त्याला धरला.

"या, लेखक! कोट छान आहे हं. बहीण विकून शिवला काय?"

"ताई, आधी ऐकून तर घे."

"काय ऐकू? सगळं गाव ऐकतंय टपरीवर. माझ्या पोटातलं तू टपरीवर मांडलंस, मेल्या!"

"मी माफीचे बोल घातले होते गं. अल्लाशपथ घातले होते. साहेबाने काढले."

"साहेबाने काढले आणि तुझं तोंड काय शिवलं होतं? तो गोरा काय येतोय इथे युसनाला नवरा शोधायला?"

बुरहान खाली बसला. कोटाची बटणं काढत म्हणाला, "ताई, मला वाटलं कोणीतरी लिहायला हवं. माइनूरताईचं कोणी नावही घेत नाही."

हे ऐकून रकियाला रडू आलं आणि रडू आल्याचा आणखी राग आला. कारण खरं होतं ते. ती स्वतःसुद्धा घेत नव्हती. "नाव घ्यायचं तर कबरीवर जाऊन घ्यायचं होतंस," ती म्हणाली. "उद्या सगळ्यांसमोर खोटं आहे म्हणून सांग. माझ्या पोरीचं घर बुडवू नकोस. मेलेलीचं मेलेलीपाशी राहू दे, जिवंत आहे तिचं बघ."

"खोटं म्हणू?"

"हो, म्हण. मी इतकी वर्षं म्हणतेच आहे, मला काय झालं?"

युसना हे सगळं आतून ऐकत होती. पुस्तक तिच्याकडेच होतं, शाळेत गेलेली मुलगी. ती त्या दिवशी जेवली नाही. रकियाला वाटलं, लग्नाची काळजी लागलीय पोरीला.

दुसऱ्या दिवशी दुपारच्या नमाजानंतर माणसं जमली. शिंगांसारख्या वर वळलेल्या छपराखाली लांब चटई अंथरली, पानाचं तबक मधे ठेवलं. दातुक काळा अंगरखा घालून, कट्यार खोचून आला. बाकीचे मानकरी मांडी घालून बसले. रकिया आणि युसना जेवणाची पानं मांडत मागे उभ्या. नारळाच्या दुधात मुरवलेलं म्हशीचं मांस सकाळपासून आटत ठेवलं होतं, त्याचा वास सगळ्या घरात भरला होता.

बुरहानने पान पुढे केलं आणि माफीचे बोल म्हटले. चांगले खणखणीत म्हटले. हे मी लोकांकडून ऐकलं, चूक असेल तर लोकांची, मला दोष देऊ नये. मानकऱ्यांच्या माना हलल्या. एकाने तर सुस्कारासुद्धा सोडला, की चला, मिटलं.

"तेवढ्याने नाही भागणार मास्तर," दातुक म्हणाला. "हे आधी म्हणायचं असतं. आता उशीर झाला. गोष्ट खोटी आहे, असं म्हणा."

बुरहानने मागे बहिणीकडे पाहिलं. रकियाने डोळ्यांनीच दटावलं, म्हण.

"खोटी आहे," बुरहान म्हणाला. त्याचा आवाज वर्गात धडा न आलेल्या मुलासारखा निघाला. "माझी बहीण कपडे धुताना घसरली."

झालं. सगळे एकदम बोलायला लागले, हसायला लागले, पानं घेतली गेली. जेवण वाढलं. दातुक तर भलताच मोकळा झाला. घास मळत म्हणाला, "असू दे, असू दे. शिकलेलं पोरगं, वाहवलं जरा. आणि माइनूर होतीच तशी वेंधळी. पाय कुठे ठेवायचा ते तिला कधी कळलंच नाही."

मानकरी हसले. बुरहानने मान खाली घातली. रकिया भाताचं भांडं घेऊन दातुकाच्या अगदी जवळ उभी होती. तिने त्याच्या पानात भात वाढला. आणखी हवा का, असंही विचारलं.

जेवणं उरकली, तारीख पुन्हा पक्की झाली. माणसं पायऱ्या उतरून खाली वहाणा शोधू लागली. रकिया उष्टी भांडी घेऊन आत आली तर युसना भिंतीला टेकून बसलेली.

"ऊठ गं," रकिया म्हणाली, "सुटलीस. मिटलं सगळं."

"आई, मावशी खरंच घसरली का?"

"आत्ता ऐकलंस ना मामाने काय सांगितलं ते?"

"मामाचं नाही विचारत. तुला विचारतेय."

रकियाने भांडी खाली ठेवली. "घसरली," ती म्हणाली.

युसनाने तिच्याकडे नीट पाहिलं. रागावली नाही, रडली नाही. बाजारात भाव विचारावा तसं तिने विचारलं, "हारुन चांगला आहे आई. मला आवडतो. पण समज, उद्या तो यायचा बंद झाला आणि सोडेनाही, तर मी या घरात कोणाला सांगायचं? मामाला की तुला? आणि मीही गेले तळ्यावर, तर तू माझे कपडेही पाण्यात फेकशील ना?"

कपडे फेकल्याचं पुस्तकात नव्हतं. ते बुरहानने पोरीला सांगितलं, की तिचं तिलाच कळलं, हे विचारायचंही रकियाला सुचलं नाही. तिला एवढंच दिसलं, की आपण फेकले असते. या पोरीचेसुद्धा फेकले असते. आणि मग चार लोकांना जेवायला वाढलं असतं.

बाहेर दातुकाचा मोठ्याने बोलण्याचा आवाज येत होता. रकिया उठली. डोक्यावरची ओढणी सरळ केली आणि पायऱ्यांपाशी आली. आमच्या गावात घराच्या बाईने पायरीवर उभं राहून पाहुण्यांना परत बोलावलं, तर पाहुण्याला जाता येत नाही. कितीही मोठा मानकरी असो.

"दातुक," ती म्हणाली, "जाऊ नका. वर या. सगळे वर या."

"आता काय राहिलं गं?" दातुक हसत म्हणाला. एक वहाण त्याने पायात घातली होती.

"बुरहान खोटं बोलला. मी बोलायला लावलं म्हणून बोलला."

बुरहान मागून धावत आला. "ताई, युसनाचं लग्न!"

"मोडलं तर मोडलं. तू गप्प बस, तुझं सांगून झालंय." ती दातुकाकडेच बघत होती. ती सगळ्यात वरच्या पायरीवर बसली. "मी लोकांकडून काही ऐकलेलं नाही. मी काठावर होते. माइनूर घसरली नव्हती. हे माझं सांगणं आहे आणि ते माझ्याच माथी मारा."

दातुकाने पायातली वहाण काढली, कारण बोलावल्यावर वर यावंच लागतं. युसना येऊन आईच्या पाठीशी बसली, आणि रकियाने त्या सकाळपासून सांगायला सुरुवात केली.