खालच्या आळीचा भोंगा

सकाळी मोरीपाशी उभा राहून तो गळ्यातली नळी साफ करत होता, तेव्हा रस्त्यावरून त्याचा स्वतःचा आवाज आला.

"जागे आहात ना? मग ऐका," आवाज म्हणाला.

नळी हातात तशीच राहिली. ओल्या हातांनी बायको स्वयंपाकघरातून बाहेर आली, आधी तिने त्याच्या तोंडाकडे पाहिलं आणि मग खिडकीकडे. स्टेशनरस्त्यावरून एक पांढरी गाडी सावकाश चालली होती. गाडीच्या चारही बाजूंना कंत्राटदाराचा हसरा चेहरा, टपावर दोन कर्णे, आणि कर्ण्यातून भरदार, किंचित खर्जातला, शेवटचं अक्षर जरा लांबवणारा तो आवाज कंत्राटदाराला मत द्या म्हणून सांगत होता.

"जुनी टेप असेल कुठलीतरी," बायको म्हणाली.

त्याने मान हलवली. आयुष्यात त्याने सगळ्यांची नावं माइकवर घेतली होती. कंत्राटदाराचं कधी घेतलं नव्हतं.

या माणसाला सगळे भोंगा म्हणत. चिडून नव्हे, कौतुकाने. निवडणूक लागली की सगळ्यात आधी त्याच्याकडे माणूस यायचा, कारण मतदारसंघात अशी एक गल्ली नव्हती जिथे त्याचा आवाज ओळखीचा नव्हता. आणि मतदारसंघ होता सुपासारखा. तीन बाजूंनी चढ, त्यावर बंगले, कारखान्याची वसाहत आणि बाजार. चौथी बाजू कालव्याकडे उतरलेली. सुपात पाखडलेलं सगळं जसं पुढच्या कडेशी येतं, तसं वरचं पाणी, वरचा गाळ आणि वरून बेकार होऊन आलेली माणसं, सगळं खालच्या आळीत येऊन साठायचं. भोंगा तिथलाच. टेकडीवर सावकाश बोलायचं, बाजारात भरभर, वसाहतीत पाळी सुटायच्या वेळेलाच जायचं, आणि खालच्या आळीत माइक नसला तरी चालतं, हे त्याचं शास्त्र.

पहिल्यांदा तो बोलला युनियनवाल्यासाठी. कारखाना जोरात होता, तेव्हा युनियनवाला उभा राहिला की निवडूनच यायचा. कारखान्याला कुलूप लागलं तसा युनियनवालाही गेला आणि मास्तर आले. मास्तरांना वरच्यांनी कधी फारशी मतं दिली नाहीत. ते तीनदा निवडून आले ते खालच्या आळीच्या जिवावर. मग एकदा बाजारातला तेलाचा व्यापारी आला, तोही आळीने पदरात घेतला म्हणूनच. वरचे आपापसांत भांडायचे, निकाल लावायची खालची आळी. भोंगा सगळ्यांसाठी बोलला. एकाच दिवशी सकाळी मास्तरांच्या आणि संध्याकाळी व्यापाऱ्याच्या गाडीवर बसलेला त्याला लोकांनी पाहिलेला. कुणी टोकलं तर म्हणायचा, "आवाज भाड्याचा आहे, बाबा. मत माझं आहे." लोक हसायचे.

फक्त कंत्राटदाराला तो नाही म्हणाला. कंत्राटदाराने आळीतून कालव्याकडे जाणारा मोठा नाला बुजवून त्यावर दुकानं बांधली. पुढे एका पावसात टेकडीवरचं पाणी उतरलं, त्याला जायला वाटच राहिली नाही. त्या दुपारी भोंग्याला सरकारी ट्रकवर बसवून गावभर फिरवत होते, पाणी वाढतंय, उंचावर जा, असं सांगायला. टेकडीवर सांगून झालं, बाजारात सांगून झालं. ट्रक आळीच्या तोंडाशी आला तेव्हा पुढे रस्ताच नव्हता. तो तिथूनच ओरडत राहिला. "आक्का, माळ्यावर चढ. आक्का, थांबू नकोस." आक्का त्याची थोरली बहीण. गुडघ्यांनी अधू, तळमजल्यावरच्या खोलीत एकटी. मुलगा कामावर गेलेला. शेजारणीने नंतर सांगितलं की आक्काने ऐकलं होतं. "माझा भाऊ बोलतोय" म्हणाली आणि खाटेवर उभी राहिली. माळा तिच्या हाताला लागला नाही.

त्यानंतरच्या निवडणुकीत आळीने कंत्राटदाराला असा पाडला की अनामतही हातची गेली. त्याने मनात ठेवलं. पुढे मतदारसंघांच्या हद्दी नव्याने आखायच्या निघाल्या आणि सीमारेषा स्टेशनरस्त्यावरून गेली. रस्त्यापलीकडचं सगळं जुन्या मतदारसंघात राहिलं. अलीकडची खालची आळी कापून कालव्यापलीकडच्या मतदारसंघाला चिकटवली. तिथे ना आळीला कुणी ओळखत होतं, ना आळी कुणाला. नकाशा कुणी आखला, कुणाच्या सांगण्यावरून, हे कधी कळलं नाही. लोकसंख्या समसमान करायची होती, एवढंच उत्तर मिळालं.

त्याच वर्षी भोंग्याच्या घशात गाठ निघाली. डॉक्टरांनी स्वरयंत्र काढून टाकलं. गळ्याला भोक राहिलं, त्यातून तो श्वास घ्यायचा, वरून पातळ रुमाल बांधायचा. ओठ हलायचे, शब्द फुटायचा नाही. ओठांवरचं वाचायला फक्त बायको शिकली. जन्मभर त्याच्या बोलण्यात जिला मध्ये शिरायला फट सापडली नव्हती, तीच आता त्याच्या वतीने बोलायची. तो चार वाक्यं बोलला की ती एकच सांगायची, आणि तो रागाने चुटकी वाजवायचा. "बाकीचं महत्त्वाचं नव्हतं," ती म्हणायची.

दुपारी भाचा आला. आक्काचा मुलगा, वीजजोडणीची कामं करणारा. दारातच उभा राहिला.

"मामा, एकच विचारायला आलोय. हे कधी करून दिलंत?"

"काय करून दिलं?" मामी म्हणाली.

"ऑपरेशनच्या आधी बोलून ठेवलं असणार. सगळी आळी तेच म्हणतेय."

"अरे, तू ह्यांना ओळखत नाहीस का?"

"ओळखत होतो. म्हणून तर विचारतोय."

भोंगा उठून त्याच्यासमोर गेला. ओठ हलवत राहिला, एक हात गळ्यावर, एक हात भाच्याच्या खांद्यावर. भाच्याने नजर जमिनीवर ठेवली.

"तोंडाकडे बघ ह्यांच्या. काय म्हणतायत ते तरी बघ," मामी म्हणाली.

"मला नाही वाचता येत ते, मामी." त्याने खांद्यावरचा हात हळूच खाली केला. "आई त्याच आवाजाचं ऐकत ऐकत गेली. आणि आता तोच आवाज त्या माणसासाठी. मला कामावर बसून सकाळपासून ऐकावा लागतोय."

तो गेल्यावर भोंग्याने नवा सदरा घातला. बायकोने पायात चपला सरकवल्या.

कंत्राटदाराचं प्रचार कार्यालय नेमकं बुजवलेल्या नाल्यावरच्या दुकानांतच होतं, नाल्याच्या स्टेशनरस्त्यापलीकडच्या तोंडाशी. पूर्वी भोंगा कुठल्याही कार्यालयात शिरला की कुणीतरी ओरडायचं, "आला, आला, आता चिंता नाही." आता दारातल्या माणसाने कोण पाहिजे म्हणून विचारलं. आत एक तरुण मुलगी कॉम्प्युटरपाशी बसली होती. त्याला पाहून ती चटकन उठली आणि स्वतःची खुर्ची पुढे केली.

"काका, तुम्ही? मी किती महिने तुम्हाला ऐकतेय."

"आवाज कुठून आणलात?" बायकोने विचारलं.

मुलीने काही लपवलं नाही. रेकॉर्डिंगच्या दुकानात मागच्या निवडणुकांच्या टेप पडून होत्या, त्या दुकानदाराकडून घेतल्या. कॉम्प्युटरला ऐकवल्या. तो शिकला. आता लिहू ते तो त्या आवाजात बोलतो.

"ह्यांना विचारलंत?"

"साहेब म्हणाले, विचारून काय करायचं, ते तर बोलू शकत नाहीत." बोलून गेल्यावर तिला स्वतःलाच ते कसंसं वाटलं असावं. तिने टेबलावरचा फोन उचलला. "काका, तुम्हालाही करून देते ना. ह्यात लिहा, तो बोलेल. तुमच्याच आवाजात. घरी वापरा, बाजारात वापरा. खरंच घ्या."

तिने फोन त्याच्या हातात दिला. त्याने तो बराच वेळ धरून ठेवला. मग जाड बोटाने एकेक अक्षर शोधत काहीतरी लिहिलं आणि मुलीने दाखवलेल्या जागी दाबलं.

"चल घरी," फोन म्हणाला.

बायकोचा हात तोंडाशी गेला. ऑपरेशनला जाताना स्ट्रेचरवरून तो काहीतरी म्हणाला होता, त्यानंतर आज. तीच खर्जाची किनार, 'घरी'मधली लांबवलेली ईदेखील तशीच. तिने टेबलाची कड धरली.

तेवढ्यात कंत्राटदार आत आला. परिस्थिती त्याच्या लगेच लक्षात आली. माणूस मोठा गोडबोल्या. आवाज चढवणं त्याला ठाऊकच नव्हतं.

"काका, राग मानू नका. तुमचा आवाज म्हणजे ह्या मतदारसंघाची ठेव आहे, तो असा मरू द्यायचा का? फोन घेऊन जा. माझ्याकडून समजा."

भोंग्याने फोन टेबलावर ठेवला. नीट, मधोमध, काठावरून पडणार नाही असा. बायकोचा दंड धरला आणि तिला बाहेर आणलं.

रस्ताभर ती त्याच्या अर्धं पाऊल मागून चालली. घराच्या पायरीशी आल्यावर म्हणाली, "घेतला असता तर..." त्याने तिच्याकडे पाहिलं. "काही नाही," ती म्हणाली आणि कुलूप उघडलं.

दुसऱ्या दिवशी दोघं निवडणूक कार्यालयात तक्रार द्यायला गेली. तिथला अधिकारी माणुसकीचा होता, त्याने बसायला सांगितलं, पाणी मागवलं. सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तुम्ही राहता कुठे?"

"खालच्या आळीत."

"मग तुम्ही ह्या मतदारसंघात नाही. तिकडच्या कार्यालयात जायला हवं. पण ते म्हणणार, गाडी आमच्या हद्दीत फिरतच नाही."

"आवाज तर ह्यांचा आहे ना?" बायको म्हणाली.

"मी मानतो हो. पण कागदावर आणायचं तर तो आवाज ह्यांचाच आहे, हे दाखवायचं कसं? तुलना करायला ह्यांनी काही बोलून..." अधिकारी थांबला. भोंग्याने गळ्यावरचा रुमाल सोडला होता. अधिकाऱ्याने खाली पाहिलं आणि पेनचं टोपण उगाच काढून परत लावलं. "माझ्या हातात असतं तर मी आजच गाडी थांबवली असती," तो म्हणाला. खरंच थांबवली असती. नव्हतं त्याच्या हातात.

भोंगा रोज खिडकीत बसून स्वतःला ऐकू लागला. आवाज रस्त्याची ती हद्द पाळत नव्हता, थेट आळीत उतरायचा. पाण्याच्या नळावर बायका त्याच्या बायकोसाठी जागा सोडेनाशा झाल्या. तिने एका संध्याकाळी भाच्याकडे जाऊन सगळं सांगितलं. टेपचं, मुलीचं, फोनचं. भाचा ऐकत राहिला. खरं वाटलं की नाही, ते तिला त्याच्या चेहऱ्यावरून कळलं नाही.

कंत्राटदार निवडून यायचाच होता आणि आला. त्यात सांगण्यासारखं काही नाही. मतदानाच्या दिवशीचं मात्र सांगितलं पाहिजे.

आळीचं मतदान आता कालव्यापलीकडच्या शाळेत होतं. पूल ओलांडून जायचं, रांगेत बहुतेक पलीकडचीच माणसं, ओळखीचं कुणी नाही. प्रचार थांबला होता, सगळीकडे शांत. बायका वेगळ्या रांगेत, म्हणून बायको पलीकडे गेली. पुरुषांच्या रांगेत भोंगा एकटा, मागे चार-पाच माणसं सोडून भाचा. दोघांची नजरानजर झाली तसा भाचा रस्त्याकडे पाहू लागला.

टेबलामागच्या कारकुनाने यादी पुढे ओढली. "नाव?"

भोंग्याने ओळखपत्र पुढे केलं.

"तोंडाने सांगा. सगळ्यांना ऐकू गेलं पाहिजे." बाजूला उमेदवारांची माणसं बसली होती, त्यांना ऐकून आपापल्या यादीत खूण करायची असते.

भोंग्याने गळ्याकडे बोट दाखवलं. कारकून यादीतच पाहत होता. "अहो, नाव सांगा लवकर. रांग थांबलीये."

मागून कुणीतरी हसलं. एक जण म्हणाला, "आजोबा, मौनव्रत घेतलंय काय?" भोंगा तसाच उभा राहिला, ताठ. श्वासाबरोबर रुमाल मात्र भरभर हलू लागला.

"थांबा," भाच्याचा आवाज आला. रांग मोडून तो पुढे आला, मामाच्या शेजारी उभा राहिला आणि त्याने मामाचं नाव घेतलं. त्याचं, त्याच्या वडिलांचं, आडनावासकट, सावकाश, खोलीच्या दुसऱ्या टोकाला ऐकू जाईल असं. कारकुनाने मान वर केली.

"तुम्ही कोण ह्यांचे?"

"भाचा."

बोटाला शाई लागली. भोंगा पडद्याआड गेला. मतदानयंत्रावर नावंच नावं होती, आणि त्यातल्या एकाचंही तोंड त्याने कधी पाहिलं नव्हतं, एकासाठीही कधी गाडीवर बसला नव्हता. त्याला बराच वेळ लागला.

बाहेर भाचा थांबला होता. त्याचंही झालं होतं. बायकोची रांग अजून सरकत नव्हती. तिने दुरून तुम्ही व्हा पुढे अशी खूण केली. दोघं पुलावर आले. चढावर मामाला दम लागतो म्हणून भाचा पावलं आखडती टाकत होता.

"कुणाला दिलंत, मामा?" त्याने विचारलं, आणि ह्या वेळी त्याच्या तोंडाकडे पाहत राहिला.

भोंग्याने ओठ हलवले नाहीत. फक्त दोन्ही तळवे उघडे करून दाखवले, कुणास ठाऊक म्हणावं तसे.

"मीपण तसंच. दिलं कुणालातरी," भाचा म्हणाला.

पुलाच्या मधोमध भोंगा कठड्याला टेकला. भाचा शेजारी उभा राहिला, मामाचा श्वास खाली बसेपर्यंत.