गच्चीवरचं गळमंडळ

मोंबासाच्या जुन्या गावात आमचं गळमंडळ आहे. ते एका नकारातून सुरू झालं.

इंग्रजांचं राज्य होतं तेव्हाची गोष्ट. बंदराच्या तोंडाशी गोऱ्या लोकांचा मासेमारीचा क्लब होता. कस्टममधले फुर्तादो आणि माझे वडील फमाऊ मास्तर, दोघांनाही गळाचं वेड. एक दिवस कडक इस्त्रीचे कपडे घालून दोघं सभासद व्हायला गेले. क्लबचे चिटणीस विल्मॉट यांनी त्यांना बाहेरच्या ओट्यावर बसवलं, चहा पाजला आणि सध्या जागा नाही असं फार नम्रपणे सांगितलं. परतताना फुर्तादो म्हणाले की चहा मात्र चांगला होता.

त्याच महिन्यात फुर्तादोंच्या गच्चीवर आमचं मंडळ निघालं. मोंबासा बेटावरचा कुणीही यावा, फक्त जाळं नको, गळच हवा. शनिवारी जे मिळेल ते गच्चीवरच शिजवायचं आणि सभासदांनी एका चटईवर बसून खायचं. नव्या माणसाला सगळ्यांचा होकार लागे. गोदीतला क्रेनवाला नासोरो पहिल्याच शनिवारी भलामोठा चांगू मासा खांद्यावर टाकून आला, तो कायमचाच.

पुढे देश स्वतंत्र झाला. गोरे एकेक करून निघून गेले, त्यांच्या क्लबची जागा गोदामाला गेली. विल्मॉट राहिले. त्यांची बायको इथल्याच मातीत पुरलेली होती.

मी शाळेत शिकवायला लागले होते आणि मंडळाची सभासदही झाले होते, तेव्हा एका शनिवारी विल्मॉट काठी टेकत आमचा जिना चढून आले. मला घ्याल का, एवढंच त्यांनी विचारलं. मग नासोरो माझ्याकडे वळून म्हणाला, "पोरी, यांना चहा दे. पिऊन झाला की जिना दाखव."

दोघंतिघं हसले. फुर्तादो हसले नाहीत. त्यांनी विचारलं, "साहेब, तेव्हा खरंच जागा नव्हती?"

"होती," विल्मॉट म्हणाले. "निम्म्या खुर्च्या रिकाम्या होत्या."

"मग नको कोण म्हणालं?"

"सगळ्यात आधी मीच."

बाबांनी मान खाली घातली. मला वाटतं, इतकी वर्षं त्यांना आशा होती की तो माणूस तरी मनातून आपल्या बाजूचा असेल. तरी त्यांनी होकार दिला, फुर्तादोंनीही दिला. नासोरो नाहीच म्हणाला. त्याला कुणी गळ घातली नाही. सगळ्यांचा होकार म्हणजे त्याचाही. फुर्तादोंनी विल्मॉटना सांगितलं की सभासद करता येणार नाही, पण आम्ही गळ टाकतो त्या फेरीबोटीच्या धक्क्यावर बसायला कुणाची परवानगी लागत नाही.

ते येत राहिले. धक्क्यावर नासोरोपासून हातभर अंतरावर बसत. दोघं एकमेकांशी बोलत नसत. दोऱ्या गुंतल्या तर विल्मॉट मुकाट्याने सोडवून देत. मिळालेला मासा गच्चीवर आणून ठेवत आणि जेवण सुरू व्हायच्या आत जिना उतरून जात.

पावसाळा गेला, वारा उत्तरेचा झाला. एका शनिवारी त्यांना मोठा कोलेकोले मासा गळाला लागला. एकट्याने ओढताना त्यांना तो आवरेना, तशी नासोरोने शेजारून दोरी धरली. दोघांनी मिळून मासा वर घेतला. गच्चीवर मी तो चिंच-नारळात शिजवला. विल्मॉट नेहमीसारखे जायला उठले.

चटईवर थोडं सरकत नासोरो म्हणाला, "कुठं चाललात? काटे काय मी एकट्याने काढू?"

विल्मॉट उभेच राहिले. बाबांनी त्यांची काठी काढून घेतली तेव्हा कुठे ते बसले. हाताने भात खायची सवय नव्हती, अर्धा सदऱ्यावर सांडला. नासोरोने त्यावरून त्यांना यथेच्छ चिडवलं.

त्यानंतर बरीच वर्षं ते आमच्यात होते. नासोरो त्यांना शेवटपर्यंत "साहेब"च म्हणायचा, पण अशा सुरात की ऐकणाऱ्याला हसू यावं. विल्मॉट गेले तेव्हा त्यांची शवपेटी खांद्यावर घेणाऱ्यांत तो होता. फुर्तादो मला एकदा म्हणाले की आपण विल्मॉटना पुरतं माफ केलंच नव्हतं. तरी शनिवारी विल्मॉटना यायला उशीर झाला, तर फुर्तादोच सारखे रस्त्याकडे बघत बसायचे.